तिसरी विचारणा

नोव्हेंबर लागला की बहरीनमधली माणसं जरा बऱ्या स्वभावाची होतात. उन्हाळाभर बंद राहिलेल्या खिडक्या कुरकुरत उघडतात, एसीची घरघर थांबते आणि शेजारणीच्या कुकरच्या शिट्ट्या पुन्हा ऐकू यायला लागतात. संध्याकाळी लोक विनाकारण चालायला बाहेर पडतात. लिफ्टमध्ये ज्यांनी महिनोन्‌महिने मोबाइलमधून मान वर काढलेली नसते, तेसुद्धा सलाम करतात. मला हा महिना आवडायला हवा. आवडतोही, पण अख्खा नाही. त्यातल्या एका शुक्रवारची दुपार मला दरवर्षी टोचते आणि ज्या वर्षी इथली निवडणूक असते त्या वर्षी जरा जास्तच.

यंदा निवडणूक आहे. झिंज भागातल्या रस्त्यांवर दिव्यांच्या खांबांना उमेदवार लटकले आहेत. डोक्यावर पांढरे गुत्रे, म्हणजे अरबी रुमाल, नीट कातरलेल्या दाढ्या आणि खाली अरबीत वचनं. मोकळ्या प्लॉटांवर तंबू उभे राहिलेत. आत गालिचे, कडेनं कोच आणि दारात कॉफीची किटली घेऊन उभा असलेला माणूस. माझा जन्म इथला, शाळा इथली, आजारपणं आणि लग्नही इथलंच, पण मत इथलं नाही. त्यामुळे सिग्नलला गाडी थांबली की मी निवांतपणे त्या चेहऱ्यांकडे बघत बसते. मला काही ठरवायचं नसतं. फोटोतला प्रत्येक माणूस सरळ सांगत असतो की मी उभा आहे, मला निवडा. इतकं उघडपणे मागता येतं, याचं मला अजूनही नवल वाटतं. माझ्या अब्बांना आयुष्यात एकच गोष्ट हवी होती आणि ती मागायची नसते असं त्यांना लहानपणापासून शिकवलेलं होतं.

परवा झोयानं हे सगळं पुन्हा वर काढलं. झोया माझी मुलगी, ईसा टाउनच्या शाळेत आठवीत आहे. मी तिच्याशी मराठीत बोलते आणि ती मला इंग्रजीत उत्तरं देते. दोघींचं बरं चाललं आहे. शाळेत त्यांची अभिरूप संसद भरणार आहे आणि तिच्या गटाच्या वाट्याला इंग्लंडचं वरचं सभागृह आलं आहे. तिनं वाचून काढलं की तिथे जन्मानं सरदार असलेल्या लोकांसाठी काही जागा राखून ठेवल्या होत्या. त्यातली एखादी रिकामी झाली की तिच्यासाठी चक्क निवडणूक व्हायची. उभे राहणारे सरदार आणि मत देणारेही सरदारच. कधी कधी मतदार इतके थोडे उरायचे की उमेदवार त्यांच्यापेक्षा जास्त. आता तेही मोडीत काढताहेत म्हणे. झोया हसून हसून सोफ्यावर आडवी झाली. म्हणाली, "मम्मी, धिस इज सो वियर्ड."

मी म्हटलं, आपल्याकडेही होतं हे. झिंजला.

तिला वाटलं मी थट्टा करते आहे.

थट्टा नव्हती. रत्नागिरीकडच्या खाडीकाठच्या आमच्या गावातून जी माणसं बहरीनला आली, त्यांची एक जमात आहे. कोणाची मयत गावी पाठवायची, कोणाच्या मुलीच्या लग्नाला हात द्यायचा, गावच्या मशिदीचं छप्पर कधी बदलायचं, असले निर्णय ती घेते. जमातीच्या दोन बैठका. खालची बैठक सगळ्यांनी निवडलेली. वरची बैठक मानकऱ्यांची, म्हणजे खोत, काझी आणि मुकादम या तीन घराण्यांची. खालच्यांनी ठराव करायचा आणि वरच्यांनी मान डोलवायची. वरच्यांना ठराव मोडता येत नसे, फार तर एका ईदपासून दुसऱ्या ईदपर्यंत अडवून धरता येई. सुरुवातीला तिन्ही घराण्यांतले झाडून सगळे पुरुष वर बसत. मग खालच्या बैठकीतल्या शिकलेल्या पोरांनी गलका केला की एवढे सगळे कशाला. शेवटी तडजोड झाली. एका घराण्याला एक खुर्ची. खुर्चीवरचा माणूस कायमचा गावी गेला किंवा अल्लाला प्यारा झाला, की सगळ्या मानकऱ्यांनी मिळून त्याच घराण्यातला दुसरा निवडायचा. जन्मानं मानकरी, पण बसायचं मतानं.

आणि बसायचं कुठे, तर झिंजमध्ये जमातीनं भाड्यानं घेतलेल्या तळमजल्यावरच्या फ्लॅटमध्ये. तिथे हाताच्या तीन खुर्च्या होत्या, तपकिरी रेक्झिनच्या, कुठल्याशा बंद पडलेल्या ऑफिसातून आणलेल्या. बाकीच्यांना गालिचा. ज्यांचे गुडघे कुरकुरत त्यांना प्लास्टिकची खुर्ची. आम्हा बायकांना पडद्यामागची खोली आणि चहाची शेगडी.

अब्बा खोतांच्या घरातले. पण खोतांच्या खुर्चीवर त्यांचे थोरले चुलतभाऊ उस्मानचाचा बसत, त्यामुळे अब्बा सगळ्यांबरोबर गालिच्यावर. त्यांनी सारी नोकरी मआमीरच्या एका वर्कशॉपमध्ये लेथ मशीनवर काढली. टर्नर होते. अंगात निळा बॉयलर सूट, बोटांत लोखंडाचे बारीक कीस रुतलेले. घरी आले की अम्मी चिमटा घेऊन बसायची आणि ते उजेडाकडे हात धरून गावच्या गोष्टी सांगायचे. त्यांच्या आजोबांपुढे गाव कसं उभं राहायचं. पालखीतून कोण यायचं. खोती त्यांच्या जन्माआधीच कायद्यानं गेली होती. उरलं होतं ते जुनं नाव, पडकं जोतं आणि झिंजमधली एक रेक्झिनची खुर्ची.

त्या खुर्चीचा त्यांना किती ध्यास आहे हे मला लहानपणीच कळलं होतं. बैठक संपली की पुरुष जोडे घालून बाहेर गप्पा मारत थांबायचे आणि अब्बा खोली आवरायला मागे राहायचे. मी ग्लास गोळा करत असायची. ते खुर्च्या भिंतीशी सरकवत आणि खोतांच्या खुर्चीच्या हातावरून एकदा तळवा फिरवत. धूळ पुसल्यासारखं करत, पण हातात फडकं नसे. बसले मात्र कधीच नाहीत. खोलीत कोणी नव्हतं तरी नाही.

मग एका वर्षी उस्मानचाचांचा व्हिसा संपला आणि ते कायमचे गावी गेले. खुर्ची रिकामी झाली. अब्बांच्याही नोकरीची शेवटची वर्षं चालली होती, त्यांनाही थोड्याच दिवसांत परतायचं होतं. मुलगा नाही, मी एकटी, आणि मुलींचं घराण्यात नाव धरत नसत. म्हणजे आमच्या घरातून त्या खुर्चीवर बसणारा कोणी असला तर हाच एक माणूस आणि त्याच्याकडे हीच एक वेळ. तेव्हाही नोव्हेंबर होता. तेव्हाही रस्त्यांवर उमेदवारांचे फोटो होते आणि अब्बा बसच्या खिडकीतून त्यांच्याकडे बघत कामावर जायचे.

आता यातली खरी गोम सांगते, कारण ती कळल्याशिवाय पुढचं काहीच कळणार नाही. आमच्यात मानाच्या जागेला पहिल्याच झटक्यात हो म्हणत नाहीत. नाव दुसऱ्यानं घ्यायचं. पहिल्यांदा विचारलं की म्हणायचं, मी कुठला त्या लायकीचा. दुसऱ्यांदा विचारलं की म्हणायचं, माझ्या ड्यूट्या असतात, मला जमायचं नाही. मग तिसऱ्यांदा मानकऱ्यांतला वडील माणूस विचारणार, विचारणार म्हणजे सांगणारच, की आता आमचा शब्द आहे, बस. त्यावर काही बोलायचं नाही. उभं राहायचं, छातीवर उजवा हात ठेवायचा, मान झुकवायची आणि जाऊन खुर्चीवर बसायचं. एका दमात हो म्हणणारा माणूस हावरा. तिसऱ्यांदाही नाही म्हणणारा माणूस खरंच नको म्हणतो आहे. सगळ्यांना हे पाठ होतं. कुठे लिहून ठेवायची कोणाला गरज वाटली नव्हती.

अब्बांनी तयारी केली. मिशी कातरताना आरशासमोर ते नकाराची तालीम करायचे. "मी कुठला त्या लायकीचा," एकदा हळू, एकदा जरा हसून. मी बाहेरून ऐकायची आणि मला खूप हसू यायचं. तेव्हा मी नुकती नोकरीला लागले होते, मला हा सगळा खोतपणा म्हणजे म्हाताऱ्यांचा पोरखेळ वाटायचा. त्यांना मी चिडवलंही, की नाही म्हणायला एवढी प्रॅक्टिस कशाला लागते. ते लाजले आणि म्हणाले, तुला नाय कळायचा. एकदा तर मी त्यांना जेवणाच्या टेबलाशी उठायचा सराव करताना पकडलं. गुडघ्यांमुळे एका झटक्यात उठता येत नव्हतं आणि टेबलाला धरून उठणं त्यांना बरं दिसत नव्हतं. अम्मीनं ईसा टाउनच्या बाजारातून त्यांच्यासाठी नवे काळे मोजे आणले, कारण तिथे जोडे दाराशी काढावे लागतात.

जुम्म्याची नमाज झाली आणि माणसं जमली. अम्मीनं सकाळपासून सांदणं उकडली होती, नारळाचा रस काढला होता. पातेली पडद्याआड झाकून ठेवली होती. तो पडदा धुवून धुवून आखडला होता, जमिनीपासून चांगला वीतभर वर. त्यामुळे आम्हा बायकांना बैठकीतल्या पुरुषांचे फक्त पाय दिसत. मी पायांवरून माणसं ओळखायला तिथेच शिकले. काझीचाचांची बोटं सारखी हलत. मुकादमचाचांचा एक अंगठा मोज्यातून डोकावे. अब्बा गुडघ्यांमुळे प्लास्टिकच्या खुर्चीवर बसले होते आणि त्यांचे नवे मोजे एकमेकांना चिकटून, शाळेतल्या पोरासारखे.

मत देणारे मानकरी तोवर एका हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच राहिले होते. एकेक करून सगळे परतले होते. निवडणूक म्हटली की दोन नावं तरी हवीत, म्हणून सेक्रेटरीनं खोतांच्या घरातलं दुसरं नाव शोधून काढलं होतं. शकील, अब्बांच्या दुसऱ्या एका चुलतभावाचा मुलगा. शिपिंग कंपनीत नवाच लागला होता. इथेच वाढलेला, गुणी, आणि आपलं नाव नुसती जागा भरायला घेतलं आहे हे त्याला कोणी सांगितलं नव्हतं. सेक्रेटरीही इथल्याच शाळेतून शिकलेला, जमातीच्या खालच्या बैठकीतला. कामाला चोख. फोनवर अजेंडा घेऊन बसला होता.

काझीचाचांनी नाव घेतलं, अब्बांना विचारलं. अब्बा म्हणाले, मी कुठला त्या लायकीचा. आवाज छान लागला होता. मुकादमचाचांनी दुसऱ्यांदा विचारलं. अब्बा म्हणाले, माझ्या ड्यूट्या असतात, मला जमायचा नाय. पडद्याआड अम्मीनं सांदणांवरचं फडकं सारखं केलं.

मग कोणी बोलेना.

मला पाय दिसत होते. काझीचाचांची बोटं थांबली. मुकादमचाचांचा अंगठा मोज्यात आत गेला. अब्बांचे दोन्ही पाय मागे सरकले, टाचा उचलल्या गेल्या. टेबलाला न धरता उठायचा सराव केला होता ना, तसे ते उठत होते. आणि सेक्रेटरीचा आवाज आला, "ओके, अंकल डिक्लाइन्ड. नेक्स्ट, शकील."

काझीचाचांना आता शकीलला विचारणं भाग होतं. त्यांनी विचारलं. शकील म्हणाला, "ओके चाचा, आय विल डू इट."

अब्बा अर्धे उठले होते. उठलेल्या माणसाला काहीतरी करावं लागतं. ते काळे मोजे चालत भिंतीपर्यंत गेले, एक बटण वाजलं आणि एसी बंद झाला. कोणीतरी म्हणालं, हो, आता थंडी पडायला लागली. मग मोजे परत आले आणि प्लास्टिकच्या खुर्चीपाशी पुन्हा एकमेकांना चिकटून बसले.

मतं पडलीच नाहीत. एकच उमेदवार उरल्यावर मतं कशाला. सेक्रेटरीनं बिनविरोध म्हणून जाहीर केलं, शकील खुर्चीवर बसला आणि अम्मीनं सांदणं बाहेर पाठवली. सगळ्यांनी वाखाणली. अब्बांनी पहिलं सांदण स्वतःच्या हातानं शकीलला भरवलं.

घरी येताना गाडीत अम्मीनं रिकामी पातेली पायाशी नीट लावली. मग म्हणाली, "तुम्ही सरळ हो म्हनायचा होता."

अब्बा म्हणाले, "असा कदी कोन म्हनतो काय?" आणि थोड्या वेळानं, "खलास. झाला ता झाला."

त्यानंतर त्यांनी त्या दिवसाबद्दल एक अक्षर काढलं नाही. कोणी सुचवलंही होतं, बैठक पुन्हा घेऊ, चूक झाली. अब्बांनीच नको म्हटलं. पोराला बसवून उठवायचं, हे त्यांना पटण्यासारखं नव्हतं.

मला त्या दुपारचं फार वाईट वाटतं. कोणाचा राग यावा असं त्यात कोणीच नाही, म्हणून जास्त वाटतं. शकीलनं काही हिसकावलं नव्हतं. सेक्रेटरीनं एका माणसाचा नकार ऐकला आणि त्याचा मान राखला. त्याच्या शाळेत हेच चांगलं वागणं म्हणून शिकवतात. या देशात कॉफी पाजायचीही एक रीत आहे. कप रिकामा झाला की पाजणारा पुन्हा भरतो, न विचारता, पुन्हा पुन्हा. नको असेल तर रिकामा कप हातात जरासा हलवायचा. कप हलला की तो किटली घेऊन पुढे जातो, मनात काही धरत नाही. नाही म्हणायची खूण ठरलेली आहे, बाकी सगळं हो. अब्बांनी उभा जन्म ती कॉफी प्यायली, हजारदा कप हलवला. पण आमच्यात नाही म्हणजे थांब, अजून विचार, असं होतं आणि ते समजणारी माणसं एकेक करून विमानात बसून निघून गेली होती.

अब्बांच्या वर्कशॉपमध्ये कांबळेकाका होते. आमच्याच तालुक्यातले, बौद्धवाडीतले. डिप्लोमा करून आलेले, तिथे क्वालिटीला होते. अब्बांनी बनवलेला नग हातात घेऊन तपासायचे आणि पास की फेल ते लिहायचे. ते अब्बांना मुद्दाम 'खोत' म्हणत आणि अब्बा त्यांना 'कांबळेसाहेब'. दोघं डबा एकत्र खात. कांबळेकाकांच्या आज्यानं आमच्या पणजोबांच्या शेतावर वेठ केलेली होती. घरची नांगरट टाकून खोतांची करावी लागायची आणि ओटीवर पाय ठेवायची सोय नव्हती. हे दोघांनाही माहीत होतं. एकदा मी डबा द्यायला गेले होते तेव्हा कांबळेकाका हसत म्हणाले होते की तुझ्या बापाचा नग मी फेल केला की माझा आजा वर खूश होतो. अब्बाही हसले होते, पण जरा उशिरानं.

त्या नोव्हेंबरात एका संध्याकाळी कांबळेकाका घरी आले. अब्बा नमाजला गेले होते. त्यांच्या कानावर सगळं गेलं होतं. मला वाटलं ते चेष्टा करतील. मीच आधी बोलून टाकलं की बरंच झालं, आजोबांच्या नावावर खुर्ची मिळवायची हेच मुळात चूक. कांबळेकाकांनी चहाचा कप खाली ठेवला.

"पोरी, ती खुर्ची असायलाच नको होती," ते म्हणाले. "आणि तुझ्या बापाला ती मिळायला पाहिजे होती. मला दोन्ही एकदमच वाटतं. आज मशीनवर बघितलं मी त्याला. नग फेल करायची हिंमत झाली नाही माझी."

मला तेव्हा रडू आलं. इतके दिवस आलं नव्हतं.

पुढे अब्बांचाही व्हिसा संपला. विमानतळावर सोडायला जमातीतले सगळे आले होते. सामान आत गेलं, अब्बा अम्मीसह रांगेत लागले आणि मुकादमचाचा माझ्याजवळ येऊन उभे राहिले. त्यांनी न विचारता सांगितलं. तिसऱ्यांदा विचारायचा मान वडील माणसाचा. वडील होते उस्मानचाचा, आणि त्यांचीच तर खुर्ची रिकामी झालेली. ते गेल्यावर मानकऱ्यांत वडील कोण, याचा कोणी आधी विचारच केला नव्हता. त्या खोलीत, त्या शांततेत सगळ्यांच्या एकदम लक्षात आलं.

"वडील तुजा बापच होता गो," मुकादमचाचा म्हणाले. "त्याच्या अगोदर आमी तोंड कसा उघडायचा? मी त्याच्याकडं बघतोय, तो माज्याकडं. मत तर आमचा सगल्यांचा त्यालाच होता."

म्हणजे आपल्यालाच तिसऱ्यांदा विचारायचा मान अब्बांच्या वाट्याला आला होता. मोठ्याचा मान राखायला म्हणून सगळे गप्प बसले आणि त्या मान राखण्यातच मोठा खाली बसला. काचेपलीकडे अब्बा पट्टा काढून ट्रेमध्ये ठेवत होते. मी हात हलवला. त्यांनी छातीवर हात ठेवून मान झुकवली, आणि मला ते बघवलं नाही.

त्याला आता बरीच वर्षं झाली. शकीलनं ती खुर्ची चांगली सांभाळली, हे मला मान्य करावंच लागतं. बायकांना पडद्याबाहेर आणून गालिच्यावर बसवायचं काम त्यानंच पुढे नेलं. मुलींचं नाव घराण्यात धरायचं, हाही ठराव त्याच्याच काळात झाला. आणि कुठल्याशा लग्नात मुकादमचाचांकडून त्याला ती तिसऱ्या विचारणेची गोष्ट कळली. त्या दिवसापासून तो मला भेटला की आधी अब्बांची तब्येत विचारतो आणि मग दुसरीकडे बघतो.

गेल्या शुक्रवारी तो ईसा टाउनला आमच्याकडे आला. कॅनडाला निघाला आहे, बायको-मुलांसह, कायमचा. खोतांची खुर्ची पुन्हा रिकामी होणार. दारातच चपला काढता काढता म्हणाला, "आपा, तुझं नाव घेतो आहे. बस तू."

मी म्हटलं, नको रे.

तो आत आला, झोयाशी कॅनडाच्या बर्फाबद्दल बोलला, खिडकी उघडी होती तिकडे बघून इथला नोव्हेंबर कसा तिकडे मिळणार नाही असं काहीतरी म्हणाला. चहाचा कप हातात घेतल्यावर पुन्हा विचारलं. मी पुन्हा नाही म्हटलं आणि या वेळी कारणही दिलं. कांबळेकाकांचं वाक्य सांगितलं, त्यातलं पहिलं अर्धं. म्हटलं, बसायचंच झालं तर मी खालच्या बैठकीला उभी राहीन. लोकांनी मत दिलं तर बसेन. पणजोबांच्या जिवावर नाही.

त्यानं ऐकून घेतलं. चहा संपवला. मी त्याला सोडायला लिफ्टपर्यंत गेले. लिफ्ट आली, दार उघडलं, तो आत गेला नाही. वळला, छातीवर हात ठेवला आणि मान खाली घालून म्हणाला, "आपा, आता आमचा शब्द आहे. बस."

लिफ्टचं दार मिटलं, कोणीतरी खाली बोलावलं होतं, ती रिकामीच गेली. मी पुन्हा नाही म्हटलं. त्याचे डोळे भरले होते आणि माझेही. आम्ही दोघं तिथे उभे होतो आणि दोघांनाही माहीत होतं की हे वाक्य माझ्यासाठी नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी अब्बांना व्हिडिओ कॉल लावला. गावी ओट्यावर बसले होते. फोन नेहमीसारखा वाकडा धरलेला, त्यामुळे मला त्यांचं कपाळ आणि मागची कौलं एवढंच दिसत होतं. कानानं कमी ऐकतात, म्हणून सगळं सावकाश सांगितलं. शकील आला, माझं नाव घ्यायचं म्हणाला, मी नको म्हटलं. ते हूं हूं करत राहिले. मला वाटलं विषय संपला. मग त्यांनी विचारलं, "तिसऱ्यांदा कोनी विचारला?"

"शकीलनंच, अब्बा. लिफ्टपाशी. छातीवर हात ठेवून."

"आनि तू?"

"तिन्ही वेळा नाही म्हटलं."

कपाळ जरा हललं. फोन सरळ झाला आणि बऱ्याच दिवसांनी मला त्यांचा सगळा चेहरा दिसला. ते माझ्याकडे बघत नव्हते, अंगणाकडे कुठेतरी बघत होते.

"मी दोनदाच नाय म्हटलेला, बाय," अब्बा म्हणाले.